उतरायचा गुडघा, चढायचा गुडघा

वजन हा आमच्या धंद्यात आजार नव्हता. वजनाने आलेली शुगर आजार होती, बीपी आजार होता, झिजलेले गुडघे आजार होते. त्या सगळ्यांचे पैसे आम्ही भरत होतो. पण मूळ वजन मात्र पॉलिसीच्या दृष्टीने माणसाची खासगी हौस होती, सोन्याचे दात बसवून घ्यावेत तशी. छत गळून घर पडलं तर भरपाई, पण छताची डागडुजी तुमची तुम्ही करा, असा हा न्याय. मी त्या न्यायाची कारकुनी करून निवृत्त झाले.

धंदा म्हणजे काय ते आधी सांगते, कारण माझ्या सख्ख्या भावालाही शेवटपर्यंत मी हॉस्पिटलात आहे असंच वाटत होतं. विमा खासगी कंपन्यांना खुला झाला आणि गुडगावात काचेच्या इमारती उगवल्या, त्या सुमारास विमा कंपनी आणि हॉस्पिटल यांच्या मध्ये बसणाऱ्या कंपन्या निघाल्या. त्यांना टीपीए म्हणत. हॉस्पिटल विचारणार, 'या पेशंटचा खर्च मिळेल का?' आम्ही कागद बघून सांगणार, 'मिळेल', 'मिळणार नाही', किंवा आमचा आवडता शब्द, 'क्वेरी'. क्वेरी म्हणजे नाही म्हणायचं धैर्य होत नाही तोवर विचारत राहायचे प्रश्न.

हे प्रश्न विचारायला डॉक्टर लागत, आणि स्वस्त लागत. म्हणून आमच्या हॉलमध्ये जवळजवळ सगळे आयुर्वेद नाहीतर होमिओपॅथीवाले. मी सांगलीकडची बीएएमएस. नवऱ्याची बँकेतली बदली दिल्लीला झाली आणि माझा चालता दवाखाना तिकडेच राहिला. नाडी बघायला शिकलेली बाई मी, इथे फाईल बघू लागले. त्यातही गंमत अशी की आयुर्वेदिक उपचारांचे क्लेम नामंजूर करण्याचं काम खास माझ्याकडे असायचं. 'आप को तो समझ में आता है,' असं आमचे खुरानासाहेब म्हणत. आपलेच दात आणि आपलेच ओठ, दुसरं काय.

ज्याचे पैसे मिळत नाहीत ते दुसऱ्या नावाने मिळवायचं, यात आमच्या उत्तरेकडच्या ग्राहकांचा हात कुणी धरला नसता. पानिपतच्या एका कांबळीवाल्या व्यापाऱ्याचं बिल मला अजून आठवतं. आजार छातीत दुखणं, मुक्काम तीन आठवडे, उपचारांत मातीचे लेप, वाफेची पेटी आणि भोपळ्याचा रस. शेटजी निसर्गोपचार केंद्रात पोट उतरवायला गेले होते, हे शेंबडं पोरही सांगू शकलं असतं. पण क्वेरी करणं भाग होतं. मी फोन लावला.

"शेठजी, दर्द छाती में था, तो मिट्टी पेट पे क्यों लगवाई?"

पलीकडून अत्यंत आदबीने उत्तर आलं, "मैडम जी, दर्द नीचे उतर आया था."

मी तो क्लेम नामंजूर केला, पण त्या उत्तरासाठी काहीतरी द्यायला हवं होतं असं मला आजही वाटतं.

मग एक काळ असा आला की वजनाला आमच्याकडे भाव आला. गुडगावातल्या एका सॉफ्टवेअर कंपनीने आपल्या कर्मचाऱ्यांच्या पॉलिसीत जादा पैसे भरून नवी सवलत घेतली. वजन उतरवण्याच्या केंद्राची फी विमा भरणार, कर्मचाऱ्याची आणि त्याच्या आईवडिलांचीही. अट एवढीच, की उंचीच्या मानाने वजन एका ठरावीक रेषेच्या वर हवं, आणि दर महिन्याला ते उतरताना दिसायला हवं. उतरलं नाही की सवलत बंद.

त्या कंपनीच्या आवारात आम्ही काटा लावून बसलो तो दिवस म्हणजे जनावरांचा बाजारच होता. रेषेच्या वर असणारे हसत बाहेर पडत होते आणि खाली असणारे हुज्जत घालत होते. एक जेमतेम गुटगुटीत म्हणावा असा मुलगा एका किलोने हुकला. "मॅम, एक हफ़्ता दे दीजिए," म्हणाला. आठवडाभर हायवेवरच्या ढाब्यांवर लोण्याचे पराठे हाणून तो परत आला आणि दिमाखात पात्र ठरला. पुढे त्याला तेच वजन उतरवता उतरवता घाम फुटला. फुकट मिळतं म्हटल्यावर माणूस रोगीही व्हायला तयार होतो, हे मी नोकरीत शिकले.

याच सवलतीत इंदूकाकू माझ्या टेबलावर आल्या, म्हणजे आधी त्यांची फाईल आली. गडहिंग्लजच्या बाई. नवरा वारल्यावर मुलाने, प्रसादने, त्यांना गुडगावला आणलं होतं. प्रसाद त्या सॉफ्टवेअर कंपनीत होता. घर तिसऱ्या मजल्यावर. बिल्डरने एकेक मजला विकलेल्या इमारती तेव्हा सगळीकडे झाल्या होत्या, तशातली एक. लिफ्ट नकाशात होती, इमारतीत नव्हती. काकूंचे दोन्ही गुडघे गेलेले. त्यामुळे वर चढल्या त्या वरच राहिल्या. खाली बाजार, पार्क, देऊळ, बायकांची कोंडाळी, सगळं काकूंना गॅलरीतून दिसायचं. सर्जन म्हणाला, गुडघे बदलून देतो, पण आधी वजन उतरवा, एवढ्या ओझ्याखाली नवे सांधे टिकायचे नाहीत. विमा गुडघ्यांचे पैसे देणार होता, वजनाचेही देणार होता. कागदावर सगळं इतकं जमून आलं होतं की मला तेव्हाच शंका यायला हवी होती.

एकच घोर होता. नव्या आर्थिक वर्षापासून त्या कंपनीच्या पॉलिसीतून आईवडील वगळायचं ठरलं होतं. म्हाताऱ्यांचे क्लेम फार येतात, असा शोध त्यांना लागला होता. म्हणजे जे काय व्हायचं ते मार्चअखेरच्या आत. नंतर काकूंना तिसऱ्या मजल्यावरून खाली आणायला कुणी येणार नव्हतं.

काकू महिन्यातून एकदा पायऱ्यांवर बसत बसत, घसरत खाली यायच्या आणि प्रसाद त्यांना गाडीतून केंद्रावर वजनाला न्यायचा. पहिल्या महिन्यात वजन वाढलं. दुसऱ्या महिन्यात आणखी वाढलं. केंद्रातली आहारतज्ज्ञ मुलगी फोनवर माझ्याशी भांडली, "मैम, आंटी चीटिंग कर रही हैं." प्रसाद भांडला, "मॅडम, बिल्कुल काही खात नाही यार ती. अन्नाला शिवत नाही. काटा चेक करा त्यांचा."

आमच्याकडे अशा वेळी तपास करायला यादवजी असायचे. पोलिसातून निवृत्त झालेले, मिशीवाले. खोटी हॉस्पिटलं त्यांनी वासावरून ओळखली होती. ते शेजारीपाजारी चौकशी करून आले आणि अगदी विरघळलेल्या आवाजात म्हणाले, "मैडम, वो तो देवी हैं. हफ़्ते में चार-चार दिन व्रत रखती हैं. भूखी बैठी रहती हैं बेचारी." खुरानासाहेबांनी केंद्राचा आणि यादवजींचा असे दोन्ही अहवाल शेजारी ठेवले आणि माझ्याकडे बघितलं. "आप की तरफ़ की हैं. आप ही देख आइए."

गेले. गुरुवार होता. काकूंनी दार उघडलं ते भिंतीला धरूनच. मराठी बोलणारी बाई घरात आल्याचा त्यांना इतका आनंद झाला की मी कुठून आणि कशाला आले हे विचारायचंच राहिलं. त्या कशाबशा स्वयंपाकघरात गेल्या आणि हाका मारून मारून माझी चौकशी करू लागल्या. थोड्या वेळाने ताट आलं.

"उपास हाय न्हवं आज, म्हणून कायबी केलं न्हाई बघा," त्या संकोचून म्हणाल्या.

त्या 'कायबी केलं न्हाई'त साबुदाण्याची खिचडी होती, वर तूप. वरीचे तांदूळ आणि दाण्याची आमटी होती. बटाट्याची भाजी, रताळ्याचा कीस, शेंगदाण्याचा लाडू, वाटीत दही. एकादशी अन् दुप्पट खाशी, ही म्हण आपल्यात कुणी उगाच नाही पाडली. आणि हे चार दिवस. बाकीचे तीन दिवस साधी भाजीभाकरी, तीही बेताची, कारण 'पथ्य हाय'.

"चार दिवस कशाला करता, काकू?"

"आवो, माझा आपला एक गुरुवारच असायचा. त्या सेंटरच्या पोरीनं वाढवाया सांगितलं. म्हणाली, आंटी, चार दिन व्रत रखो, पतली हो जाओगी. म्हटलं, बरं झालं, देवाचंबी होईल आन् गुडघ्याचंबी."

केंद्रातल्या त्या पंजाबी मुलीची आजी मंगळवारी सफरचंद आणि दूध घेत असणार. मराठी उपवास तिने कधी बघितला नव्हता. यादवजींनी 'अन्न नाही' हे ऐकलं आणि त्यांचं समाधान झालं. प्रसाद तर लहानपणापासून हेच ताट बघत मोठा झाला होता. उपवासाच्या दिवशी आई काही खात नाही यावर त्याचा ठाम विश्वास होता. सगळे खरं बोलत होते. आणि मी तरी काय मोठी शहाणी? तपासाला आलेली अधिकारी मी, खिचडी दोनदा वाढून घेतली.

तोंड धुतल्यावर मी विषय काढला. "काकू, उपवास बंद करा."

"काय बोलताय! डाक्टरनं सांगितल्यात."

"मीही डॉक्टरच आहे."

"तुमी कंपनीच्या," त्या म्हणाल्या.

माझ्या सगळ्या नोकरीचा एवढ्या थोडक्यात निकाल दुसऱ्या कुणी लावला नाही. मग मी दप्तर मिटलं आणि फार वर्षांनी माझा विसरलेला धंदा केला. काकूंची नाडी बघितली, जीभ बघितली, झोप-पोट विचारलं. त्यांना एकदम मी डॉक्टर वाटू लागले. 'मग निरंकार करते, पाणीबी नको,' अशी त्यांची पुढची तयारी. ते होऊ दिलं नाही. गुरुवार देवाचा, तो ठेवायचा, पण फळ-ताकावर. बाकी सहा दिवस भाकरी, पालेभाजी, मुगाचं वरण. साबुदाणा आणि शेंगदाणे घराबाहेर. ज्वारीचं पीठ तेव्हा गुडगावात मिळेना, ते मी दिल्लीतून नेऊन द्यायचे. खुर्चीत बसल्या बसल्या पाय उचलायचे, हा व्यायाम. केंद्रात वजनाला गेलं की तिथल्या पट्ट्यापट्ट्यांच्या यंत्रात थरथरत बसायचं नाही.

कचेरीत येऊन मी अहवाल लिहिला, की रुग्ण उपवास करते म्हणून तिचं वजन वाढतं. खुरानासाहेबांनी तो दोनदा वाचला. "डॉक्टर साहिबा, आप की तबीयत तो ठीक है?" मग त्यांनी वजन उतरत नाही या कारणाखाली काकूंची सवलत बंद केली. नियमाप्रमाणे बरोबरच होतं. सवलत बंद झाली आणि वजन उतरायला लागलं. सुंठीवाचून खोकला गेला, आणि सुंठ विकणारा आम्हालाच नोटीस पाठवत होता, की आमची पुढची फी का अडवली.

थंडी सरता सरता सर्जन खूश झाला. मार्चमध्ये दोन्ही गुडघे एकदम करू म्हणाला. प्रसाद पेढे घेऊन कचेरीत आला. हॉस्पिटलकडून परवानगीचा कागद माझ्याच टेबलावर आला आणि मी आनंदाने मंजुरी लिहून वर पाठवला. तासाभरात साहेबांनी बोलावलं.

"यह तो मोटापे का केस है."

"गुडघ्याची आहे, सर."

"घुटने मोटापे से गए हैं. वह छूट तो सिर्फ़ सेंटर की फ़ीस की थी. मोटापा और उससे जुड़ा इलाज पॉलिसी से बाहर है." आणि त्यांनी फाईल माझ्याकडे वळवली. पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वजन, वजन आणि वजन. काट्याचे आकडे, केंद्राचे अहवाल आणि शेवटी माझा उपवासाचा निबंध. काकू त्या सवलतीच्या वाटेला गेल्या नसत्या, तर कुठल्याही म्हाताऱ्या माणसाचे झिजलेले गुडघे म्हणून मी ते डोळे मिटून मंजूर केले असते. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. आम्हीच काटा लावला, आम्हीच तिला लठ्ठ ठरवलं, आणि आता तेच तिच्या विरुद्ध पुरावा म्हणून वाचत होतो.

मी भांडले. नोकरीत इतकी कधी भांडले नव्हते. सगळा हॉल संगणकाकडे बघत ऐकत होता. मी म्हटलं, सर, गडहिंग्लजला या बाईने तीस वर्षं उकिडवं बसून चुलीवर स्वयंपाक केलाय, विहिरीचं पाणी डोक्यावरून आणलंय. गुडघे त्याने गेलेत. वजन नंतर आलं, चालता येईना म्हणून आलं. ते कुठल्या रकान्यात लिहू? रडू येईल की काय अशी भीती वाटत होती, म्हणून मी आवाज आणखी चढवला.

खुरानासाहेब वाईट नव्हते. ते पेचात सापडले की वाटाघाटीला उतरायचे. बराच वेळ पेन फिरवून म्हणाले, "चलो, बीच का रास्ता निकालते हैं. एक घुटना उम्र का मान लेते हैं, एक मोटापे का."

मला वाटलं, थट्टा करताहेत. पण ते लिहू लागले होते.

"और दूसरा, सर?"

"दूसरे का रिन्यूअल के बाद देखेंगे."

"रिन्यूअलनंतर आईवडील पॉलिसीतच नाहीत."

"वही तो," ते म्हणाले, आणि त्यांनी सही केली.

हा निरोप घेऊन मीच गेले. प्रसादला फोनवर सांगता आलं असतं, पण मला ते बरं वाटेना. प्रसाद संतापला, कोर्टाची भाषा करू लागला, मार्चअखेर किती जवळ आली आहे ते आठवून गप्प झाला. काकूंनी मात्र सगळं शांतपणे ऐकून घेतलं. गॅलरीत बसल्या होत्या. खाली पार्कात बायका हिरव्या वाटाण्याच्या शेंगा सोलत बसलेल्या. काकू तिकडेच बघत होत्या.

"डॉक्टरीणबाई," त्यांनी विचारलं, "उतराया कुठला लागतो?"

मला कळलंच नाही आधी.

"गुडघा. एकच देनार म्हणतासा न्हवं? मग उतराया लागतो त्योच करू. चढायचं बघू मागनं."

मी डॉक्टर असल्यासारखं उत्तर दिलं, की काकू, जो पाय चांगला होईल तोच चढताना वर टाकायचा आणि उतरताना मागे ठेवून भार घ्यायचा, म्हणजे एकाच गुडघ्यावर दोन्ही कामं होतात. हे बोलताना मला स्वतःची इतकी लाज वाटत होती की मी कुंड्यांकडे बघून बोलत होते. सर्जनने डावा जास्त वाईट म्हणून डावा निवडला. तो बदलला. एप्रिल लागला आणि त्या कंपनीतले सगळे आईवडील एकदम निरोगी झाले, निदान आमच्या संगणकावर तरी.

मे महिन्यात एका रविवारी ज्वारीचं पीठ घेऊन गेले तेव्हा मला तिसऱ्या मजल्यापर्यंत जावंच लागलं नाही. काकू खाली गार्डच्या खोलीशेजारी प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसल्या होत्या. आजूबाजूला पाच-सहा बायका. काकूंचं हिंदी ऐकवत नव्हतं आणि कुणालाच त्याचं काही वाटत नव्हतं. मला बघून त्यांनी काठी उंच केली. डाव्या पायावर थापटी मारून दाखवली.

"एकटी उतरले. कुनी धरलं न्हाई."

मी विचारलं, "आणि चढता कशा?" तुमची ती युक्ती उजव्या गुडघ्याला पटत नाही, म्हणाल्या. अर्ध्या जिन्यात तो अडून बसतो.

"उतरायचा वयाचा होता, त्यो झाला," काकू म्हणाल्या. "चढायचा लठ्ठपणाचा हाय. त्यो तुमच्या साहेबांनी ठेवून घेतलाय."

बायका हसल्या, त्यांना मराठी काही कळलं नसलं तरी. मी हसू शकले नाही. ऊन उतरल्यावर समोरच्या फ्लॅटमधला सरदारजी, गार्ड, प्रसाद आणि इस्त्रीवाला असे चौघे आले, त्यांनी काकूंना खुर्चीसकट उचललं आणि बोलत बोलत तिसऱ्या मजल्यावर नेऊन ठेवलं. इस्त्रीवाल्याला मी विचारलं, हे असं कधीपासून? तो म्हणाला, "रोज़ का है जी. आंटी रोज़ उतरती हैं." आमच्यापैकी कुणाची मंजुरी त्यासाठी लागली नव्हती.